पटकथालेखन आणि दिग्दर्शन: ठाण्यात राहून या कामाकडे वळणाऱ्यांचे वारंवार विचारले जाणारे प्रश्न

नौपाड्यातल्या माझ्या घरी दर रविवारी सकाळी चित्रपटासाठी लिहू पाहणारी सात-आठ माणसे जमतात. कोणी महाविद्यालयात शिकत असते, कोणी ऐरोलीच्या आयटी कंपनीतून रात्रपाळी करून थेट येते, तर दोघी निवृत्त शिक्षिका आहेत. मी गेली बावीस वर्षे याच कामावर जगते आहे. सुरुवात एकांकिकांपासून झाली, पुढे मालिकांचे संवाद लिहिले, सहायक दिग्दर्शक म्हणून उन्हातान्हात उभी राहिले आणि त्यानंतर दोन मराठी चित्रपट स्वतः लिहून दिग्दर्शित केले. माणसे बदलली तरी प्रश्न फारसे बदलत नाहीत, आणि घाईत तोंडी दिलेले उत्तर पुष्कळदा अर्धवट राहते, म्हणून ही उत्तरे सवडीने लिहून ठेवली आहेत.

कथा, पटकथा आणि संवाद या तीन वेगळ्या गोष्टी आहेत का?

होय. कोणाच्या आयुष्यात काय घडते, हे कथा सांगते. ते कोणत्या क्रमाने, कोणाच्या नजरेतून आणि किती वेळ दिसावे-ऐकू यावे, हे पटकथा ठरवते. पात्रे प्रत्यक्ष जे बोलतात ते संवाद. मराठी आणि हिंदीत या तिन्हींची श्रेयनामावली स्वतंत्र असते आणि मानधनही स्वतंत्र ठरू शकते, त्यामुळे हा भेद करारावर सही करताना फार उपयोगी पडतो. ‘लेखन’ एवढाच मोघम शब्द कागदावर असेल, तर आपण तीन कामे एका मोबदल्यात करून देत आहोत का, हे आधी तपासावे.

लेखक आणि दिग्दर्शक एकच व्यक्ती असावी का?

तसा नियम नाही, पण मराठीत ही परंपरा जुनी आणि भक्कम आहे. दादासाहेब फाळके यांनी १९१३ साली प्रदर्शित झालेला आपला पहिला चित्रपट स्वतःच लिहिला आणि दिग्दर्शित केला. आचार्य अत्रे यांनी साने गुरुजींच्या पुस्तकावरून १९५३ साली ‘श्यामची आई’ केला, आणि राष्ट्रपतींच्या सुवर्णपदकाचा पहिला मान त्याच चित्रपटाला मिळाला. त्याच वर्षीच्या ‘गुळाचा गणपती’मध्ये कथा, पटकथा, संवाद, संगीत, दिग्दर्शन आणि प्रमुख भूमिका असे सगळे पु. ल. देशपांडे यांचे होते. दुसऱ्या बाजूला व्ही. शांताराम यांच्या ‘दो आँखें बारह हाथ’ची पटकथा ग. दि. माडगूळकरांची होती आणि १९५८ साली त्या चित्रपटाचा बर्लिनच्या महोत्सवात गौरव झाला. दोन मोठी माणसे एकत्र आली म्हणून तिथे काही उणे पडले, असे कोणी म्हणणार नाही.

माझे मत मात्र नव्यांसाठी स्पष्ट आहे: पहिला चित्रपट स्वतः लिहावा. नवख्या दिग्दर्शकाच्या हाती आपली चांगली पटकथा कोणताही मुरलेला लेखक सहजासहजी सोपवत नाही, आणि ते योग्यच आहे. त्याच वेळी जो स्वतः लिहितो आणि स्वतःच दिग्दर्शन करणार असतो, त्याला अडवणारे कोणी उरत नाही, म्हणून प्रत्येक खर्डा निदान दोन कठोर वाचकांच्या हाती द्यावा. त्यांपैकी एक चित्रपटक्षेत्राबाहेरचा असला तर उत्तम.

कागदावरचा प्रसंग पडद्यावर जाईपर्यंत नेमके काय होते?

हा प्रश्न सर्वांत जास्त वेळा येतो, म्हणून माझ्याच दुसऱ्या चित्रपटातला एक प्रसंग तपशिलाने सांगते. नौपाड्यातली जुनी तीन मजली इमारत पुनर्विकासाला गेली आहे आणि निवृत्त वडील व त्यांची मुलगी शेवटच्या दिवशी घर रिकामे करीत आहेत, एवढाच तो प्रसंग. पहिल्या खर्ड्यात मी दोन पाने संवाद लिहिले होते. वडील म्हणत होते की या घरात तुझी आई गेली, मुलगी म्हणत होती की बाबा, आता तरी पुढे पाहा. वाचून दाखवताना माझे मलाच अवघडल्यासारखे झाले, कारण घर सोडणारी माणसे असे बोलत नाहीत. ती खोके कुठे ठेवले आणि टेम्पो किती वाजता येणार, एवढेच विचारतात.

चौथ्या खर्ड्यात दारावरची नावाची पाटी आली. वडील स्टुलावर उभे राहून पाटी काढत आहेत, पण दर काही वर्षांनी दार रंगवताना स्क्रूंवरही रंग चढत गेल्यामुळे त्यांच्या खाचा बुजल्या आहेत आणि पेचकस नुसता घसरतो आहे. मुलगी स्वयंपाकघरातून भाजी चिरायची सुरी आणते आणि खाचांमधला रंग खरवडू लागते. निळ्या रंगाखाली हिरवा आणि हिरव्याखाली तपकिरी निघतो. वडील एवढेच म्हणतात, “हा तपकिरी तुझ्या बारशाच्या वेळचा.” दोन पानांच्या संवादांतून एक वाक्य उरले आणि प्रसंगाला जे सांगायचे होते ते सगळे त्यात आले.

आता दिग्दर्शनाचा भाग. चित्रीकरणाच्या दिवशी कलाविभागाने बसवलेली पाटी नवी होती आणि तिचे स्क्रू दोन फेऱ्यांत सुटून हातात आले. रंगाचे थर नसतील तर प्रसंगच उरत नाही, त्यामुळे काम थांबवून तिन्ही रंग एकावर एक चढवले, हेअर ड्रायरने वाळवले आणि तोवर घराच्या आतले दोन शॉट उरकून घेतले. निर्मितीव्यवस्थापक घड्याळाकडे पाहत होते आणि त्यांचेही चुकत नव्हते, कारण त्या एका अडचणीत दीड तास गेला. मग ज्येष्ठ अभिनेत्याच्या हातात खरोखर न सुटणारा स्क्रू आला, त्यांच्या बोटांची पेरे पांढरी पडली आणि त्यांनी ते वाक्य दाराकडेच पाहत, मुलीकडे न वळता म्हटले. मी पटकथेत ‘मुलीकडे पाहून’ असे लिहिले होते. त्यांचे बरोबर होते, आणि मी तो टेक ठेवला.

खर्डा, पुनर्लेखन, शॉट डिव्हिजन (म्हणजे प्रसंग कोणकोणत्या शॉटमध्ये चित्रित करायचा त्याची आखणी), कलाविभागाशी बोलणे, सेटवर ऐन वेळी निर्णय घेणे आणि नटाकडून आलेली अधिक चांगली गोष्ट ओळखणे, हे सगळे एकाच कामाचे टप्पे आहेत. पाटीवर तीन थर रंग हवा हे माझ्या पटकथेत स्पष्ट लिहिलेले नव्हते, केवळ ‘जुनी पाटी’ असे होते. तो दीड तास माझ्या त्या दोन शब्दांमुळे गेला, आणि तेव्हापासून ज्या वस्तूवर प्रसंग तोललेला असतो तिचे वर्णन मी एक ओळ जास्त लिहिते.

चित्रपटाचे औपचारिक शिक्षण घ्यावेच लागते का?

घ्यावेच लागते असे नाही, पण मिळत असेल तर सोडू नये. पुण्यातल्या फिल्म अँड टेलिव्हिजन इन्स्टिट्यूटमध्ये, म्हणजे १९६० साली प्रभात स्टुडिओच्या जागेत सुरू झालेल्या संस्थेत, तीन वर्षांचा जो अभ्यासक्रम आहे त्याचे नावच ‘दिग्दर्शन आणि पटकथालेखन’ असे आहे, यावरून ही दोन कामे किती जवळची मानली जातात ते कळते. तिथे पदवीनंतर प्रवेश परीक्षा देऊन जाता येते. तिथे जाता आले नाही म्हणून वाट बंद झाली, असे मात्र समजू नये. मी गेले नाही. ठाण्याच्या मराठी ग्रंथसंग्रहालयात बसून नाटके वाचली आणि गडकरी रंगायतनच्या शेवटच्या रांगेतून ती पाहिली. एकच नाटक तीनदा पाहिले की प्रेक्षक नेमका कोणत्या वाक्याला सावरून बसतो आणि कुठे चुळबुळ सुरू होते, हे कानांना समजू लागते.

मराठीतले नामवंत लेखक-दिग्दर्शक या क्षेत्रात कोणत्या वाटांनी आले?

प्रत्येकाची वाट वेगळी आहे, आणि म्हणूनच ही उदाहरणे मी पुनःपुन्हा देते.

सई परांजपे यांनी राष्ट्रीय नाट्य विद्यालयात शिक्षण घेतले, आकाशवाणी आणि दूरदर्शनवर काम केले, मुलांसाठी नाटके लिहिली आणि त्यानंतर चित्रपटाकडे वळल्या. ‘स्पर्श’ची पटकथा त्यांची स्वतःची होती आणि तिला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. पुढचा ‘कथा’ हा चित्रपट मराठी नाटकावर, श. गो. साठ्ये यांच्या ‘ससा आणि कासव’वर, आधारलेला आहे. चाळीच्या गॅलरीत किती माणसे एका वेळी बोलू शकतात आणि तरीही प्रत्येकाचे शब्द वेगळे कसे ऐकू येतात, हे शिकण्यासाठी तो चित्रपट वही घेऊन पाहावा. आकाशवाणीत काम केलेल्या माणसाचा कान तिथे जाणवतो, असे मला वाटते.

सुमित्रा भावे समाजकार्य आणि अध्यापनातून आल्या. त्यांचा जन्म १९४३ चा आणि ‘बाई’ हा पहिला लघुपट १९८५ चा, म्हणजे कॅमेऱ्याकडे वळल्या तेव्हा त्यांनी चाळिशी ओलांडली होती. त्या स्वतः लिहीत आणि सुनील सुकथनकर यांच्यासोबत दिग्दर्शन करीत. ‘दोघी’, ‘दहावी फ’, ‘देवराई’ आणि ‘अस्तु’ हे त्यांचे चित्रपट पाहिल्यावर अभ्यासकाची शिस्त आणि माणसाविषयीची माया एकत्र कशी नांदतात ते दिसते. ‘कासव’ला २०१६ या वर्षासाठीचे सुवर्णकमळ मिळाले. २०२१ साली त्या गेल्या तेव्हा आमच्या रविवारच्या बैठकीत आम्ही काही लिहिले नाही, त्यांचीच एक पटकथा मोठ्याने वाचली.

नागराज मंजुळे सोलापूर जिल्ह्यातल्या जेऊरचे, मराठीचे विद्यार्थी आणि आधी कवी. अभ्यासक्रमाचा भाग म्हणून केलेल्या ‘पिस्तुल्या’ या लघुपटाने त्यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळवून दिला आणि त्यानंतर ‘फँड्री’ व २०१६ चा ‘सैराट’ आले. चैतन्य ताम्हाणे यांचा २०१४ चा ‘कोर्ट’ व्हेनिसच्या महोत्सवात गौरवला गेला, आणि ‘द डिसायपल’ला तिथेच २०२० साली पटकथेचा पुरस्कार मिळाला; मराठी भाषेत लिहिलेल्या पटकथेचा जागतिक व्यासपीठावर असा सन्मान झाल्याचे वाचून मी त्या दिवशी आनंदाने घरभर फिरले होते. परेश मोकाशी रंगभूमीवरून आले आणि ‘हरिश्चंद्राची फॅक्टरी’ या पहिल्याच चित्रपटाची भारतातर्फे ऑस्करसाठी निवड झाली.

आपल्या मध्य रेल्वेच्या पट्ट्यातल्या माणसांना ‘डोंबिवली फास्ट’ विशेष जवळचा वाटतो. निशिकांत कामत यांनी २००५ साली रोज लोकलने ये-जा करणाऱ्या एका बँक कर्मचाऱ्याला नायक केले आणि तीच कथा पुढे तमिळमध्येही दिग्दर्शित केली. जी गर्दी आपण नित्याची म्हणून सहन करतो तिच्यात अख्खा चित्रपट आहे, हे त्यांना दिसले.

ठाण्यात किंवा नवी मुंबईत राहून हे काम करता येते का, की अंधेरीत घर घ्यावे?

घर घेऊ नये. मालिकांचे अनेक सेट घोडबंदर रोडच्या पट्ट्यातच आहेत, त्यामुळे मालिकांत काम करणाऱ्याला ठाणे सोयीचेच पडते. निर्मात्यांच्या आणि वाहिन्यांच्या बैठका बहुतेक अंधेरी-गोरेगाव बाजूला होतात. २०१४ साली घाटकोपर ते वर्सोवा मेट्रो सुरू झाल्यापासून ठाण्याहून लोकलने घाटकोपर आणि तिथून मेट्रो हा प्रवास आटोक्यात आला आहे. त्याआधी दादरला उतरून पूल चढणे आणि पश्चिम रेल्वे पकडणे, यात नॅरेशनला, म्हणजे निर्मात्याला कथा ऐकवायला, पोहोचेपर्यंत आवाज बसलेला असे. वाशी, नेरूळकडच्या मंडळींनी बैठक शक्यतो दुपारी बाराच्या पुढे मागावी.

माझी कल्पना कोणी चोरली तर?

या भीतीने पुष्कळजण आपले लेखन कोणालाच दाखवत नाहीत आणि त्यांचे नुकसान चोरीपेक्षा मोठे होते. कायदा काय सांगतो ते शांतपणे समजून घ्यावे. नुसत्या कल्पनेवर स्वामित्वहक्क नसतो, ती ज्या रीतीने मांडली आहे त्या मांडणीवर असतो. आर. जी. आनंद विरुद्ध डिलक्स फिल्म्स या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने १९७८ साली हे तत्त्व स्पष्ट केले, आणि तो वाद एका नाटकाचा व एका चित्रपटाचाच होता. म्हणून ‘रिक्षावाला आणि डॉक्टर यांची मैत्री’ एवढे सांगून हक्क मिळत नाही. प्रसंगवार लिहिलेली पटकथा असेल तर दाद मागता येते.

लिहून झाल्यावर पटकथा स्क्रीनरायटर्स असोसिएशन या पटकथालेखकांच्या संघटनेकडे नोंदवावी. या नोंदणीने हक्क निर्माण होत नाही, तो लिहिल्याक्षणीच निर्माण झालेला असतो. अमुक तारखेला हा मजकूर माझ्याकडे होता याचा पुरावा मात्र नोंदणीमुळे मिळतो. ज्यांना पाठवले त्यांचा ईमेल, तारीख आणि पाठवलेली प्रत जपून ठेवावी. नॅरेशनहून परतल्यावर “आज आपल्याला ऐकवलेल्या कथेची प्रत सोबत जोडली आहे” असा दोन ओळींचा ईमेल पाठवणे हा उद्धटपणा नाही, आणि चांगल्या निर्मात्याला त्याचे वाईटही वाटत नाही.

करार करताना १९५७ च्या स्वामित्वहक्क कायद्यातल्या चार गोष्टी प्रत्येक लेखकाला तोंडपाठ हव्यात. हक्कांचे हस्तांतरण लेखी आणि सहीचे असावे लागते. मुदत लिहिली नसेल तर ती पाच वर्षे मानली जाते. प्रदेश लिहिला नसेल तर तो भारतापुरता मानला जातो. आणि हक्क घेणाऱ्याने वर्षभरात त्यांचा उपयोग केला नाही, तर करारात वेगळे म्हटले नसल्यास ते हस्तांतरण संपुष्टात येते. बहुतेक छापील करारांत नेमके ‘वेगळे म्हटलेले’ असते, म्हणून ते कलम शोधून वाचावे आणि निदान तीन वर्षांनी हक्क परत यावेत असा आग्रह धरावा. २०१२ च्या दुरुस्तीने चित्रपटगृहाबाहेरच्या वापरावर लेखकाला रॉयल्टीचा वाटा दिला आहे आणि तो सही करून सोडून देता येत नाही, हेही ध्यानात ठेवावे.

मानधन कसे ठरते आणि ते बुडू नये म्हणून काय करावे?

मानधन टप्प्यांत घ्यावे: सही करताना, पहिला खर्डा दिल्यावर, बाउंड स्क्रिप्ट (संवादांसह पक्की झालेली अंतिम पटकथा) झाल्यावर आणि चित्रीकरण सुरू होण्याआधी. शेवटचा हप्ता प्रदर्शनाशी कधीही बांधू नये, कारण प्रदर्शन लेखकाच्या हाती नसते. किती पुनर्लेखने या रकमेत येतील तो आकडाही कागदावर हवा.

मी हे शिकले ते नुकसान सोसून. एका निर्मात्यासाठी अकरा महिने काम केले, सात खर्डे दिले आणि साइनिंगच्या रकमेपलीकडे एक रुपया मिळाला नाही, कारण उरलेले सगळे हप्ते ‘चित्रपट सुरू झाल्यावर’ असे लिहिले होते आणि चित्रपट सुरूच झाला नाही. फसवणूक म्हणावी असे त्यात काही नव्हते, मी वाचून सही केली होती. त्या वर्षी माझ्या आईने तिच्या पेन्शनमधून घराचा मेंटेनन्स भरला. तेव्हापासून आमच्याकडे येणाऱ्या प्रत्येकाचा पहिला करार मी स्वतः ओळ न् ओळ वाचते, आणि पुढे तो वकिलालाही दाखवायला लावते.

पटकथा किती पानांची असावी?

साधारण नव्वद ते एकशेवीस. ‘एक पान म्हणजे एक मिनिट’ हा हिशेब इंग्रजी टाइपरायटरच्या अक्षरांवर बेतलेला आहे. देवनागरीत फॉन्ट बदलला की तो बिघडतो. म्हणून घड्याळ लावून, हालचालींसाठी थांबत, पूर्ण पटकथा एकदा मोठ्याने वाचावी.

ठाण्यात चित्रीकरणासाठी कोणाकोणाची परवानगी लागते?

जागा कोणाची आहे यावर ते अवलंबून असते. रस्ता, उद्यान किंवा तलावाचा काठ असेल तर महापालिका आणि पोलीस, वाहतूक अडणार असेल तर वाहतूक शाखा, आणि स्थानक किंवा लोकल हवी असेल तर मध्य रेल्वेची वेगळी परवानगी लागते. तिचे शुल्क आणि अटी लहान चित्रपटाला जड जातात, त्यामुळे फलाटाचा प्रसंग खरोखर गरजेचा आहे का, हे लिहितानाच ठरवावे. येऊर हे संजय गांधी राष्ट्रीय उद्यानाचा भाग आहे, तिथे वनविभागाला विचारल्याशिवाय कॅमेरा बाहेर काढू नये. राज्य शासनाच्या गोरेगाव चित्रनगरीकडे परवानग्यांसाठी एक खिडकी योजना आहे, तिथे आधी चौकशी करावी. आणि ज्या सोसायटीत काम करायचे तिथल्या रहिवाशांना आदल्या दिवशी स्वतः जाऊन भेटावे, हे काम सहायकावर सोपवू नये.

सेन्सॉरचा विचार लिहिताना करावा का?

कथेसाठी नव्हे, प्रमाणपत्रासाठी करावा. २०२३ च्या दुरुस्तीनंतर यूए (मुलांनी पालकांच्या मार्गदर्शनाखाली पाहावा अशा) प्रमाणपत्राचे सात, तेरा आणि सोळा वर्षे असे तीन वयोगट झाले आहेत, आणि आपला प्रेक्षक कोणता हे निर्मात्याला सुरुवातीलाच सांगता येणे बरे. अपिलाचे स्वतंत्र न्यायाधिकरण २०२१ साली बंद झाले, त्यामुळे सेन्सॉर मंडळाशी मतभेद टोकाला गेले तर उच्च न्यायालयात जावे लागते.

नोकरी सोडून पूर्णवेळ यात यावे का?

पहिल्या दोन वर्षांत सोडू नये. सकाळी साडेपाच ते सात लिहून पुढे नोकरीवर जाणाऱ्या तिघांच्या पटकथा आमच्याकडे पूर्ण झाल्या आहेत. नोकरी सोडून ‘आता लिहीन’ म्हणणाऱ्या एकाची अजून अर्ध्यावर आहे आणि त्याची मला मनापासून काळजी वाटते, कारण मुलगा गुणी आहे. घरच्यांना विरोधक मानू नये. त्यांना पैशांची भीती असते आणि ती खरी असते. सहा महिन्यांचा घरखर्च बँकेत ठेवून आणि पहिला करार दाखवून बोलले की बोलणे वेगळ्या सुरात होते.

रविवारी येताना काय आणावे?

एकच प्रसंग, जास्तीत जास्त तीन पाने, छापील, तीन प्रतींत. तो तुम्ही वाचणार नाही. दुसरे दोघे वाचतील आणि तुम्ही खिडकीजवळच्या खुर्चीत बसून नुसते ऐकाल. जिथे वाचणारा अडखळेल तिथे पेन्सिलीने खूण करावी. साडेनऊला सुरू करतो, आणि खाली नवीन इमारतीचे काम चालू असल्याने दुचाकी गल्लीच्या तोंडाशीच लावावी.